बोलायचा दगड

"कथा ज्याची, नारळ त्याचा," अण्णा म्हणाले, आणि मी हातातलं ताट खाली ठेवलं.

ताट मीच मांडलं होतं. मुहूर्ताची पूजा म्हणजे कलाविभागाचं काम. हळद, कुंकू, अक्षता, कॅमेऱ्याला घालायचा झेंडूचा हार, आणि पाटावर लाल कापडात गुंडाळलेली पटकथा. ती पटकथा मी लिहिलेली होती. कलादिग्दर्शनही माझंच होतं. अण्णा म्हणजे बाळगोंडा पाटील, आमचे निर्माते, कोल्हापुरातले गुळाचे व्यापारी. सिनेमात पहिल्यांदाच उतरले होते आणि इथले रिवाज त्यांना ठाऊक नव्हते, म्हणून त्यांनी स्वतःचा रिवाज आणला होता. "आमच्याकडं पेरणीला पहिली मूठ ज्याचं बी त्याच्या हातनं पडती," ते जमलेल्या लोकांना सांगत होते. "तसं इथं. कुठाय लेखक?"

मी पदराला हात पुसले आणि पुढं झाले. हातही पुढं केला.

"द्या अण्णा," असं म्हणत प्रतापदादा माझ्या बाजूनं पुढं गेला आणि त्यानं नारळ उचलला. प्रतापदादा म्हणजे दिग्दर्शक प्रतापसिंह इंगवले. उभ्या उभ्याच त्यानं नारळाची शेंडी ओढून काढली, आणि माझा हात हवेत तसाच होता, त्या हातात ती ठेवली.

"हे टाक गं मंदे तिकडं."

नारळ फुटला. टाळ्या झाल्या. त्याच्या सहायकानं कागद उघडून मोठ्यांदा वाचलं, "कथा, पटकथा, संवाद आणि दिग्दर्शन, प्रतापसिंह इंगवले!" परत टाळ्या झाल्या. आणि मी, मंदाकिनी सुतार, मुठीत नारळाच्या शेंड्या घेऊन उभी होते. त्या शेंड्यांची बोच अजून माझ्या तळहाताला जाणवते. वीस-बावीस वर्षं झाली.

प्रसाद वाटून झाल्यावर मी त्याला शेडच्या मागं गाठलं. तो पान लावत होता.

"दादा, हे काय केलंत?"

"काय केलं?"

"कथा माझी आहे."

"मग मी कुठं नाही म्हणतोय?" त्यानं पान तोंडात सारलं. "तुला मला ठाऊक आहे की. बास झालं."

"अण्णांना ठाऊक नाही."

"हे बघ मंदे, शहाणी आहेस तू. एकाच माणसाचं नाव पडद्यावर दोनदा आलं की लोक हसतात. म्हणतात, माणसं मिळाली नाहीत काय यांना? सेटवाल्यानं सेट करावा, लेखकानं लिहावं. आणि पडद्यावर 'कथा, सुतार' असं आलं, तर वितरक विचारणार, कपाटाची कथा आहे की दाराची?" स्वतःच्याच विनोदावर तो हसला. "कलादिग्दर्शन तुझं. लेखन माझ्याकडं राहू दे. वाटणी समज."

"वाटणीत मला कुणी विचारलं?"

"धाकट्याला कोण विचारतंय?"

बघा, बोलला तो असा. माझ्याच कथेतलं वाक्य होतं ते. थोरल्या भावाच्या तोंडी मीच घातलेलं.

माझे वडील इथल्याच स्टुडिओत सेटचे सुतार होते. मी लाकडाच्या भुशात वाढले, मग कलाशाळेत शिकले, मग प्रतापदादाच्या आधीच्या दोन सिनेमांचे सेट केले. पण लहानपणापासून मी लिहायचेही. मला ती दोन कामं कधी वेगळी वाटलीच नाहीत. घर बांधायला घेतलं की त्यात कोण राहतं, कोण कुणाशी बोलत नाही, हे आधी डोक्यात यायचं. लोकांना ते पटत नसे. "धड एक काहीतरी धर," हे मी आईच्या दुधाबरोबर ऐकलं म्हणा ना. पण आमच्या आईनं मात्र तसं कधी म्हटलं नाही. आणि ही कथा तिचीच होती.

आमच्या मूळ घरात वडील आणि थोरले काका वेगळे झाले, तेव्हा स्वयंपाकघराच्या मधोमध भिंत घातली. परड्यातली विहीर आईनं माहेरचे सोन्याचे डाग मोडून खणवलेली. थोरल्या काकीला हे पक्कं माहीत. पंचांनी काकीला विचारलं, विहीर कुणाच्या पैशाची? काकीनं मान खाली घातली. विहीर काकांच्या वाट्याला गेली. त्या भिंतीत एक दगड मात्र सैल राहिला होता. तो आमच्या बाजूला ढकलून काकी रोज संध्याकाळी वाटी पुढं करायची, आणि आई तिला विरजण द्यायची. दोन शब्द बोलणंही व्हायचं. मी त्याला बोलायचा दगड म्हणायची. पुढं एका उन्हाळ्यात आमच्या वाट्याचा लहान आड आटला. आईनं त्या भोकातनं एक घागर पाणी मागितलं. काकी म्हणाली, ह्यांना विचारून सांगते. त्या संध्याकाळी काकीनं नेहमीसारखी वाटी पुढं केली. आईनं तो दगड उचलला आणि भोकात बसवला. परत तो कधी निघाला नाही.

एवढीच कथा. तिच्याभोवती मी सिनेमा रचला होता, आणि विश्वासानं प्रतापदादाच्या हातात दिला होता.

"आणि शेवट?" मी त्याला विचारलं.

"शेवट तुझाच. एक शब्द बदलणार नाही. आईची शपथ." कुणाच्या आईची ते काही तो बोलला नाही.

"मी सोडून जाईन, दादा."

"जा की. दार उघडंच आहे. सेट करणारे ढिगानं मिळतात."

मी गेले नाही. गेले असते तर कथाही गेली असती आणि सेटही. मी पिचकारीचा लाल डाग चुकवून तिथनं परत आले, आणि कामाला लागले. मनात मात्र गाठ मारून ठेवली. कशी आणि कधी, ते तेव्हा सुचलेलं नव्हतं. पण याला सोडायचा नाही, एवढं ठरलं.

सेट जोतिबाच्या वाटेवर एका माळावर उभा करायचा होता. एक अख्खं घर, मध्ये दुभंगलेलं. पाया आखून झाला तेव्हा सुनेत्राबाई बघायला आल्या. धाकट्या जावेचं काम त्या करणार होत्या. मनानं सरळ बाई. चूल कुठं, जातं कुठं, उंबरा किती उंच, सगळं विचारत फिरत होत्या.

"आणि ती भिंत इथं येणार ना?" त्यांनी विचारलं. "धूळ लई उडेल काय गं शेवटी? मला दम्याचा त्रास आहे."

"धूळ कशाची?"

"भिंत पडल्यावरची."

मी हातातली सुतळी खाली ठेवली. "भिंत पडते?"

"अगंबाई, तुला ठाऊक नाही? अमरजित टिकाव घालतो, भिंत पडते, दोघं भाऊ मिठी मारतात. आणि मी त्या धुळीतनं येते आणि पाया पडते."

"कुणाच्या?"

"थोरल्या जावेच्या. 'आक्का, चुकलं माझं' म्हणते." माझ्या चेहऱ्याकडं बघून त्या थांबल्या. "काय झालं गं?"

"काही नाही. धूळ उडणार नाही, तुम्ही काळजी करू नका."

काही नाही कसलं? माझं अंग पेटलं होतं. नाव घेतलंस ते घेतलंस. पण माझ्या आईला पाया पडायला लावणार? तिनं चुकलं म्हणायचं? जिच्या डागाची विहीर गेली तिनं? त्या दिवशी मी जेवले नाही. माळावरच्या बाभळीखाली बसून राहिले, आणि उठले तेव्हा मला काय करायचं ते नेमकं कळलेलं होतं.

दुसऱ्या दिवशी प्रतापदादा आला. गाण्याच्या रेकॉर्डिंगसाठी मुंबईला जायच्या घाईत होता. खुर्चीवर न बसताच म्हणाला, "ती मधली भिंत कशाची करतीयेस?"

"कशाची करू?"

"कशाची म्हणजे... दिसायला खरी पाहिजे. अण्णा पाव्हणे घेऊन येणार आहेत, हात लावून बघणारी माणसं. एक पैशाचं खोटं चालायचं नाही."

"खरी पाहिजे. बरं."

तो घुटमळला. "म्हणजे तशी हलकीच कर. नंतर काढायला बरी पडती."

"काढायची कशाला?" मी त्याच्या डोळ्यांत बघून विचारलं. "भिंत शेवटपर्यंत राहतीय की. शेवटचा शॉटच भिंतीचा आहे. का बदललाय काही?"

आता आली का पंचाईत! 'पाडायची आहे' म्हणावं, तर शेवट बदलला हे कबूल करावं लागतं. मग मी अण्णांकडं गेले असते आणि सगळं भांडं फुटलं असतं. त्यानं रुमालानं मान पुसली.

"छे छे. बदललंय कशाला? राहती की भिंत."

"मग करते खरी."

"कर, कर," म्हणाला, आणि गाडीत बसला.

त्याला फार काळजीही वाटली नसणार. सेटवरची भिंत म्हणजे काय असते? बांबू, गोणपाट, वर प्लॅस्टर. जोरात शिंकलं तरी हलते. आख्ख्या सिनेमासृष्टीत कुणी सेटवर खरी भिंत बांधत नाही. त्यानं धरून चालायचं ते धरलं. आणि मला शेवटच्या सीनचे कागद त्यानं दिलेच नव्हते. आर्टवाल्यांना काय करायचेत म्हणून नव्हे, चोरी झाकायची म्हणून.

मी दौलू गवंड्याला बोलावलं. दौलू आमच्या गल्लीतला, वडिलांच्या ओळखीचा.

"दौलूमामा, भिंत घालायची आहे."

"नाटकाची?"

"नाही. घराची. तुझ्या स्वतःच्या घराची असती तर कशी घातली असतीस, तशी."

"मग पाया खोल घ्यावा लागंल, पोरी."

"घे."

काळा दगड आणला; अण्णांची गुळाबरोबर एक खाणही होती, तिथलाच. सिमेंट, वाळू, मध्ये लोखंडी गज. बाकी सगळं घर गोणपाटाचं आणि मधे ही भिंत. वरनं मी स्वतःच्या हातानं मातीचा गिलावा केला, शेणानं सारवली, धुराचे काळे डाग पाडले. छातीच्या उंचीवर एक दगड सुटा ठेवला, कारण विरजणाचा सीन प्रतापदादानं ठेवला होता. चोरानं चांगलं तेवढं बरोबर उचललं होतं. सगळं झाल्यावर दौलूनं भिंतीवर थाप मारली आणि म्हणाला, "आता हिला भूकंप सुदीक विचारून हलवंल." मला इतकं हसू आलं, इतकं हसू आलं की दौलू घाबरला.

शूटिंग नीट चाललं. मी दात आवळून काम करत होते. रोज सकाळी प्रतापदादा खुर्चीत बसून मी लिहिलेले संवाद नटांना समजावून सांगायचा आणि म्हणायचा, "हे वाक्य मला आंघोळ करताना सुचलं." सगळे वा वा करायचे. मी चुलीत लाकडं मांडत ऐकायची. विरजणाच्या सीनला तर अण्णांच्या डोळ्यांत पाणी आलं. "प्रताप, कुठनं सुचतं रं तुला हे? आमच्या आईची आठवण करून दिलीस बघ." प्रतापदादानं छातीला हात लावला आणि मान तुकवली. मी वाटी उचलली, धुतली आणि पेटीत ठेवली. थांब लेका, म्हटलं. थोडाच थांब.

शेवटचा दिवस आला. अण्णा दोन वितरकांना घेऊन आले होते. खुर्च्या मांडल्या, चहा फिरला. सुनेत्राबाईंच्या तारखा त्या दिवशी संपत होत्या, त्यामुळं हा शॉट आजच व्हायला हवा होता. दुपार कलली होती आणि ऊन तिरपं, हवं तसं पडत होतं.

प्रतापदादानं पाव्हण्यांसमोर उभं राहून समजावलं. "हा आपल्या सिनेमाचा आत्मा. थोरला भाऊ पश्चात्तापानं भिंत पाडतो. मनं जुळतात. थेटरात रुमाल भिजणार." अमरजित, आमचा हिरो, थोरल्या भावाच्या कामात होता. त्याच्या हातात टिकाव होता. थोरल्या जावेचं काम करणाऱ्या नलिनीबाई त्याच्या मागं उभ्या. कॅमेरा याच बाजूला. पलीकडं, धाकट्याच्या बाजूला, सुनेत्राबाई तोंडाला पदर लावून धुळीची वाट बघत होत्या.

मी माझी घडीची खुर्ची आणून कॅमेऱ्याशेजारी मांडली. कशात चहा घेऊ म्हणून इकडंतिकडं बघितलं, तर विरजणाची वाटी दिसली. तीच भरून घेतली.

"ॲक्शन!"

अमरजितनं शपथ घेतल्यासारखा टिकाव उगारला आणि घातला.

ठण्ण!

टिकाव उसळून मागं आला. अमरजितचे दोन्ही हात झिणझिणले असणार, कारण त्याचं तोंड वाकडं झालं. बिचाऱ्यानं परत घातला. परत ठण्ण. ठिणगी उडाली. गिलाव्याचा एक पोपडा पडला आणि आतनं काळा दगड चमकला. पाव्हण्यांतला एकजण फिसकन हसला.

"कट!" प्रतापदादा धावला. भिंतीवर हात फिरवला. थाप मारली. मग माझ्याकडं वळला. "मंदे! ही कशाची भिंत आहे?"

"दगडाची."

"दगडाची? सेटवर?"

"तुम्हीच म्हणालात खरी पाहिजे. एक पैशाचं खोटं चालायचं नाही."

"अगं, पाडायची भिंत खरी बांधतंय का कुणी?"

"पाडायची?" मी वाटीतला चहा प्यायले. "मला कुणी सांगितलं पाडायची आहे म्हणून? तुम्ही तर म्हणालात, शेवट बदललेला नाही. आईची शपथ घेऊन म्हणालात."

अण्णा उठून पुढं आले. गुळाचा व्यापारी माणूस, काकवी नुसत्या वासानं ओळखणारा. "थांब प्रताप. हिला शेवट ठाऊक नव्हता? सेट बांधणाऱ्या बाईला?"

"अण्णा, मला शेवट ठाऊक आहे," मी म्हणाले. "मी लिहिलाय."

प्रतापदादा हसला, पण ते हसू त्याच्या तोंडावर बसेना. "डोकं फिरलंय हिचं. खुनशी बाई आहे. जळते माझ्यावर." आणि त्यानं अमरजितच्या हातातनं टिकाव हिसकावला. "भिंत आहे का किल्ला आहे ते बघतो मी."

मग त्यानं सुरुवात केली. देवाशप्पथ सांगते, त्या प्रत्येक घावाचं मला सुख झालं. पांढरा शर्ट, बोटांत अंगठ्या, आणि माणूस घाव घालतोय. ठण्ण, ठण्ण. ठिणग्या उडतायत. लाइटवाले, मेकअपवाले, चहावाले, सगळे गोळा झाले. कुणी त्याला थांबवेना. तळहाताला फोड आले तसा तो थांबला, शर्टाला हात पुसले, आणि उरलेला सगळा जोर लावून एक घाव घातला. तो बरोबर बोलायच्या दगडावर बसला.

दगड आत सरकला आणि पलीकडं जाऊन पडला. सुनेत्राबाई "अगंबाई!" म्हणून मागं सरल्या. मग त्या भोकातनं त्यांचा चेहरा दिसला. तिरपं ऊन त्यांच्या बाजूनं येत होतं. कपाळ, डोळे, निम्मं कुंकू.

"भिंत पडली काय?" त्यांनी विचारलं.

आमचे कॅमेरामन खलीलभाई दिवसाकाठी चार शब्द बोलायचे. ते कॅमेऱ्याला डोळा लावून म्हणाले, "बाई, तिथंच राहा. हलू नका." आणि मग, "अण्णा, हाच शेवट."

अण्णांनी प्रतापदादाकडं बघितलं. "प्रताप, आता ती काय करती?"

"कोण?"

"ही धाकटी. भोकातनं बघती आहे. पुढं काय करती? तू लिहिलाईस न्हवं?"

"ती... दगड उचलते आणि भोक बंद करते."

"का?"

"का म्हणजे? राग आलेला असतो."

"कशाचा राग? भिंत घातल्याला वर्षं झाली. इतकी वर्षं विरजण देत होती की. मग आजच का?"

प्रतापदादानं टिकाव खाली ठेवला. त्याला ते खरंच माहीत नव्हतं. आईनं पाणी मागितल्याचा सीन त्यानं पहिल्याच दिवशी कापला होता, रेंगाळतो म्हणून.

अण्णा माझ्याकडं वळले. "तू सांग बाई."

मी खुर्चीतनं उठले, रिकामी वाटी पुसून नलिनीबाईंकडं दिली. सांगितलं. डाग, विहीर, पंच, काकीची खाली गेलेली मान. आटलेला आड, मागितलेली घागर, आणि त्याच संध्याकाळी पुढं आलेली वाटी. सांगताना माझा आवाज फुटला, फुटू दिला. "माझी आई होती ती अण्णा. ती कुणाच्या पाया पडली नाही. चुकलं म्हणाली नाही. आणि हा तिला पाया पडायला लावणार होता."

अण्णा भिंतीपाशी गेले. मग मुद्दाम सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात त्यांनी विचारलं, "प्रताप, कथा कुणाची?"

"अण्णा, सिनेमा म्हणजे टीमवर्क—"

"मी कथा कुणाची विचारलं. मुहूर्ताला नारळ तू फोडलास. आमच्याकडं दुसऱ्याचं बी आपलं म्हणून पेरत न्हाईत. कुणाची?"

ऊन उतरत होतं. सुनेत्राबाई भोकातनं बघत होत्या, नलिनीबाई वाटी घेऊन उभ्या होत्या. चहावालासुद्धा थांबला होता. मला घाई नव्हती.

"तिची," प्रतापदादा म्हणाला.

"नाव घेऊन."

"मंदाकिनी सुतारची."

शॉट घेतला. मीच बाईंना पलीकडं जाऊन शब्द सांगितले, आईचे होते तसे. वरवंट्याजवळ पडलेला दगड त्यांच्या हातात दिला. नलिनीबाईंनी वाटी पुढं केली. सुनेत्राबाईंनी तिच्याकडं बघितलं, मग नलिनीबाईंकडं. म्हणाल्या, "आक्का, तवा बोलला न्हाईसा. आता मला ऐकू येत न्हाई." आणि दगड बसवला. कॅमेऱ्यात नुसती भिंत राहिली. एकाच टेकमध्ये झालं. खलीलभाईंनी कॅमेऱ्यावरनं डोळा काढला आणि तो पुसला.

पॅकअपचा नारळ अण्णांनी स्वतः माझ्या हातात दिला. "फोड बाई. आणि पडद्यावर काय काय टाकायचं तुझ्या नावापुढं?"

"कथा, पटकथा, संवाद. आणि कलादिग्दर्शन."

"दोनदा नाव? लोक हसतील म्हणत होता प्रताप."

"हसू देत की."

नारळ मी त्याच भिंतीवर फोडला. पहिल्या फटक्यात फुटला नाही, दुसऱ्यात फुटला. पाणी गिलाव्यावरनं ओघळलं. शेंडी मी आधीच काढून ठेवली होती. प्रतापदादा कुठं दिसतो का म्हणून बघितलं, पण तो तेव्हा समोर नव्हता.

मंडळी सामान आवरायला लागली. मी पलीकडच्या स्वयंपाकघरात एकटीच भांडी पेटीत भरत होते. सूर्य बुडायला आला होता. तेवढ्यात भिंतीतला दगड हलला. कुणीतरी पलीकडनं बोटानं ढकलत होतं. दगड माझ्या बाजूला आला, मी तो वरच्यावर झेलला. भोकात प्रतापदादाचा चेहरा होता.

"मंदा," तो हळू आवाजात म्हणाला. मंदे नव्हे, मंदा. "ऐक जरा. रागावू नकोस. झालं ते झालं."

मी दगड हातात धरून उभी होते.

"अण्णा उद्या पेपरात जाहिरात द्यायला निघालेत. माझं नाव नुसतं दिग्दर्शनाला. लोक काय म्हणतील? सगळ्यांना सांगून बसलोय मी. माझ्या घरी, गावात, सगळीकडं." त्यानं तोंड भोकाजवळ आणलं. "तू अण्णांना एवढं सांग, दोघांनी मिळून लिहिलं. कथा तुझी. पटकथा आणि संवाद तेवढे माझ्याकडं राहू देत. तुझं काही जात नाही. आपण वाटणी करून घेऊ."

भोकातनं त्याची बोटं आली होती. फोड आलेली, मातीनं माखलेली. वाटी पुढं करावी तसा हात उताणा धरला होता.

"बोल की मंदा. एक शब्द. माझी लाज राख."

मी त्याची बोटं मागं जाईपर्यंत थांबले. मग दगड उचलला, नीट वळवून त्याची बाजू बरोबर धरली, आणि बसवला. वरनं तळहातानं दाबला. दौलूनं उरवलेलं थोडं सिमेंट घमेल्यात होतं, त्यात पाणी घालून कालवलं आणि चारी कडांना भरलं.

पलीकडं तो अजून बोलत होता. ऐकू येत नव्हतं.